सुटे पाच दिवस कोणाचे?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: तुमच्या कादंबरीतलं जग खाडीकाठच्या, मिठागरांवर जगणाऱ्या तेरा गावांचं आहे. तीस-तीस दिवसांचे बारा महिने, चंद्रही बरोबर तीस दिवसांचा आणि वर्ष नेमकं ३६५ दिवसांचं. अखेरीस जे पाच दिवस कुठल्याच महिन्यात बसत नाहीत त्यांना गावकरी 'सुटे' म्हणतात. त्यांच्यासाठी तुम्ही पाच देव, पाच रंग, पाच नैवेद्य ठरवलेत, दिवे लावलेत, नाच घातलाय; तरी वाचून दाखवताना ऐकणाऱ्यांचं लक्ष नेमकं त्याच प्रकरणात उडतं. म्हणून तुम्ही विचारताय की विधी कोणते असावेत, दिवसांना नावं काय द्यावीत आणि त्यांना वार असावा का.

मी गेली अठरा वर्षं कल्पित जगांच्या कालगणना बांधते आहे, स्वतःच्या कथांसाठी आणि इतरांसाठीही. अनुभवातून सांगते, विधी सगळ्यात शेवटी ठरवा. त्याआधी एकच गोष्ट नक्की करा: हे पाच दिवस कोणाचे?

कालगणना म्हणजे गावाची खातेवही. पगार कधी, जमिनीचा खंड कधी, व्याज किती, कोणाचं वर्षश्राद्ध कधी, मुलगी किती वर्षांची झाली, हे सगळं तिच्यात असतं. जादा दिवस म्हणजे त्या वहीत रकाना नसलेले दिवस. रकाना नाही म्हणजे मालक नाही, आणि बेवारस गोष्ट माणसाला अस्वस्थ करते. ती अस्वस्थता निभावण्यासाठी माणसं जे काही करतात तो विधी. तुमच्या प्रकरणात पाच देव आहेत, पण ही अस्वस्थता कुठेच नाही.

आपल्या घरातलंच उदाहरण घ्या. बारा चांद्र महिने भरतात ३५४ दिवसांत, सूर्याला लागतात ३६५. दरसाल अकराएक दिवस मागे पडतात, म्हणून साधारण साडेबत्तीस महिन्यांनी एक महिना जादा धरावा लागतो. ज्या चांद्र महिन्यात सूर्याची संक्रांत होत नाही तो अधिक. इथवर गणित झालं. पण बाकीच्या बारा महिन्यांना केशव, नारायण, माधव असे विष्णूच्या बारा नावांचे अधिपती आहेत आणि तेराव्याला कोणी नाही. वेदकाळातल्या नावांपैकी एक नाव आहे मलिम्लुच, त्याचा अर्थच चोर. पुढे पुराणात कथा येते: सगळ्यांनी हिणवलेला मलमास रडत विष्णूकडे जातो आणि विष्णू त्याला स्वतःचं नाव देतो, पुरुषोत्तम. चोर म्हटलेल्या महिन्याला खुद्द देवाने पदरात घेतलं. या कथेत जादा दिवसांचं सगळं मानसशास्त्र आलं.

आता त्यातून आलेले आचार बघा. लग्न, मुंज, गृहप्रवेश बंद, कारण ज्याचं पुढे आयुष्यभर खातं चालायचं ते काम वहीबाहेरच्या महिन्यात कसं सुरू करणार? दान मात्र भरपूर, कारण दिलेल्याचा हिशेब ठेवायचाच नसतो. लेक-जावयाला बोलावून पुरणाचे धोंडे, तांब्याच्या ताटात तेहतीस अनारसे आणि वर दिवा. अनारसेच का, तर जाळीदार पदार्थ द्यायचा म्हणून. ते नसतील तर बत्तासे किंवा म्हैसूरपाक. आमच्याकडे आजी ते तेहतीस मोजायची तेव्हा मध्ये कोणी बोललं की पुन्हा पहिल्यापासून मोजायची. अधिक महिना येतोही साधारण तेहतीस महिन्यांनीच. गणिताचा आकडा ताटात आलाय. तुमच्या पाच रंगांच्या पाच नैवेद्यांत पाच हा आकडा नुसता सजावटीला आहे, त्याने कोणाचं काही अडत नाही.

आणखी एक बारीक गोष्ट. अधिक श्रावणात वारलेल्या माणसाचं श्राद्ध दरवर्षी निज, म्हणजे नेहमीच्या, श्रावणात करतात, आणि पुन्हा अधिक श्रावण आला तर त्या वर्षी अधिकात. अधिक श्रावण २००४ मध्ये होता, त्यानंतर थेट २०२३ मध्ये आला. म्हणजे त्या माणसाचा स्वतःचा महिना एकोणीस वर्षांनी परत आला. तोवर श्राद्ध करणारा मुलगा स्वतः मुलांचा बाप झालेला असतो. असा एक तपशील तुमच्या कादंबरीत असेल तर दहा दिव्यांच्या रांगांची गरज पडणार नाही.

मालकीचा प्रश्न वेगवेगळ्या लोकांनी कसा सोडवला तेही बघून ठेवा. उचलायला म्हणून नव्हे. उत्तर बदललं की विधी कसा आपोआप बदलतो ते कळावं म्हणून.

प्राचीन इजिप्तचं वर्ष तुमच्यासारखंच होतं, तीसचे बारा आणि वर पाच. ग्रीक लेखक प्लूटार्कने नोंदवलेली कथा अशी: सूर्यदेवाने आकाशदेवी नुटला शाप दिला की वर्षातल्या कुठल्याच दिवशी तुला मूल होणार नाही. तेव्हा एका चतुर देवाने चंद्राशी सोंगट्या खेळून त्याचा थोडा थोडा प्रकाश जिंकला आणि त्यातून पाच दिवस घडवले. हे दिवस 'वर्षातले' नसल्याने शाप लागू पडेना. ओसायरिस, होरस, सेट, आयसिस आणि नेफ्थिस अशी पाच भावंडं त्यांत जन्मली. कायद्यातली पळवाट आणि देवांचे वाढदिवस एकाच कथेत! आणि सेट हा विध्वंसाचा देव, म्हणून त्याचा तिसरा दिवस अशुभ. रोगराई आणणाऱ्या दूतांच्या भीतीने या दिवसांत लिननच्या कापडावर चित्रं काढून, मंत्र म्हणून, ते गाठी मारून गळ्यात बांधत. तुमच्याही पाच देवांत एक नकोसा देव आहे का? नसेल तर हवा.

मध्य अमेरिकेतल्या मायांनी मालक दिलाच नाही. वीस-वीस दिवसांचे अठरा महिने आणि वर पाच दिवसांचा 'वायेब'. सोळाव्या शतकात मेक्सिकोतल्या युकातानमध्ये असलेल्या दिएगो दे लांदा या पाद्र्याने लिहून ठेवलंय की या दिवसांत लोक अंघोळ करत नसत, केस विंचरत नसत, कष्टाचं काम टाळत. पण मला त्याहून आवडते ती त्यांची गावाच्या वेशीची रीत. त्यांच्याकडे दिवसांची वीस नावं फिरत राहत. ३६५ ला २० ने भागलं की बाकी ५, म्हणून नव्या वर्षाचा पहिला दिवस दरसाल पाच नावं पुढे सरकतो आणि वीसपैकी फक्त चार नावांवरच वर्ष सुरू होऊ शकतं. चार नावं, चार दिशा, गावाच्या चार वेशी. त्या वर्षाचा भार ज्या नावावर, त्याच्या दिशेच्या वेशीवर दगडांच्या राशीपाशी मूर्ती नेऊन ठेवायची. पुढच्या वर्षी पुढची वेस. एका भागाकारातून गावभर चार वर्षं फिरणारा विधी उभा राहिला. कालगणना बांधायला शिकणाऱ्या प्रत्येकाला मी हे उदाहरण आधी सांगते.

अझ्टेक लोकांचे पाच दिवस 'नेमोन्तेमी'. या दिवसांत भांडायचं नाही, दिवसा झोपायचं नाही, ठेचसुद्धा लागू द्यायची नाही, कारण जे घडेल ते जन्माला चिकटेल अशी समजूत होती. त्यांत जन्मलेल्या मुलांना 'निकामी माणूस' अशा अर्थाची नावं मिळत. हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

पारशी लोकांनी हे दिवस पूर्वजांना दिले. त्यांचेही तीसचे बारा महिने आणि वर पाच गाथांच्या, म्हणजे प्राचीन स्तोत्रांच्या, नावाचे पाच दिवस. त्याआधीचे पाच धरून दहा दिवस 'मुक्ताद'. मुंबईतल्या अग्यारीत या काळात संगमरवरी मेजांवर घराण्यातल्या गेलेल्या माणसांच्या नावाने फुलांनी भरलेली पात्रं ठेवतात. दारं उघडी, फुलं ताजी, कारण पाहुणे वर्षातून एकदाच येणार. त्यांतला शेवटचा दिवस पतेती, आणि दुसऱ्या दिवशी नवरोज. याच समाजात कालगणनेवरून फूटही पडली. इराणी आणि भारतीय गणनेत एका महिन्याचा फरक आहे हे लक्षात आल्यावर अठराव्या शतकात सुरतेत कदमी पंथ वेगळा झाला. राहिलेल्यांचा, म्हणजे शहेनशाहींचा, नवरोज आजही कदमी नवरोजनंतर तीस दिवसांनी येतो. एकच प्रार्थना, एकच अग्नी, पण मधे एक महिना. तुमच्या तेरा गावांत असा वाद कोणी घातलेला नाही, याचं मला नवल वाटतं.

बहाई लोकांनी हे दिवस पाहुण्यांना आणि गरिबांना दिले. फ्रेंच क्रांतिकारकांनी १७९३ मध्ये नवी कालगणना आणली तेव्हा ते नागरिकांना दिले. सद्गुण, प्रतिभा, श्रम, लोकमत आणि पारितोषिक असे पाच दिवस, आणि लोकमताच्या दिवशी अधिकाऱ्यांविषयी वाटेल ते बोलायची मोकळीक अशी कल्पना होती. ती कालगणना १८०६ च्या पहिल्या दिवशी संपली. जुन्या रोममध्ये मात्र जादा महिना पुरोहितांच्या मुठीत होता. कधी घालायचा ते तेच ठरवत आणि आपल्या माणसाची सत्ता लांबवायला किंवा विरोधकाची आखडायला त्याचा वापर होई. घोळ इतका साचला की तो निस्तरायला सीझरला इ.स.पू. ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचं करावं लागलं. तुमच्या कथेत खलनायक शोधत असाल तर तलवारवाल्यापेक्षा दिवस मोजणारा पुजारी जास्त भीतिदायक ठरेल.

आता तुमची खाडी.

तुम्ही स्वतःच्याच आकड्यांकडे नीट पाहिलेलं नाही. चंद्र तीस दिवसांचा, महिनाही तीसचा; पहिल्या वर्षी प्रत्येक महिना प्रतिपदेला सुरू होऊन अमावस्येला संपतो. मग येतात सुटे पाच, शुद्ध प्रतिपदा ते पंचमी. म्हणजे दुसरं वर्ष षष्ठीला सुरू होणार आणि त्याचे सुटे दिवस षष्ठी ते दशमी. तिसऱ्या वर्षीचे एकादशी ते पौर्णिमा. चौथ्या-पाचव्या वर्षीचे वद्यात. सहाव्या वर्षीचे वद्य एकादशी ते अमावस्या, आणि सातवं वर्ष पुन्हा प्रतिपदेला. तुमच्या जगात सहा प्रकारची वर्षं आहेत. हे तुम्हाला ठाऊक नव्हतं, पण खाडीकाठच्या माणसाला ते पाळण्यात असल्यापासून ठाऊक असणार, कारण भरती चंद्रावर चालते. दुसऱ्या वर्षी सुटे दिवस भांगाच्या भरतीत येतात, पाणी मवाळ. तिसऱ्या आणि सहाव्या वर्षी ते उधाणावर जाऊन आदळतात.

वर्षाची अखेर कुठल्या ऋतूत ते तुम्ही सांगितलेलं नाही. ती पावसाच्या तोंडावर आणा. मिठाच्या राशी आगरात उघड्या पडल्यात, त्यांवर पेंढा घालायचाय, समुद्र खवळायला लागलाय. अशात सुटे दिवस आले, काम बंद, आणि उधाणाने खाजणाच्या, म्हणजे खाडीलगतच्या खारजमिनीच्या, बांधाला खांड पाडली. पाणी आत शिरलं तर वर्षाचं मीठ विरघळणार. बांध घालायचा कोणी? काम करणाऱ्याची वहीत नोंद होते आणि या दिवसांना तर रकानाच नाही. मजुरी कोण देणार? बुडून मेला तर त्याची तिथी कोणती?

इथे त्या अझ्टेक मुलांची आठवण ठेवा. सुट्यात जन्मलेली माणसं तुमच्याही गावांत असणारच. ३६५ मध्ये ५, म्हणजे त्र्याहत्तरात एक. सातशे तीस वस्तीच्या गावात सरासरी दहा जण. वर्षभर त्यांची अवस्था अशी की वय मोजता येत नाही, लग्नाची तिथी लागत नाही, वहीत साक्षीदार म्हणून सही चालत नाही. पण हे पाच दिवस कोणाचे, याचं उत्तर तेच आहेत. बाकीचं गाव उंबरठ्याच्या आत बसतं आणि हे दहा जण उघाडीवर, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या दारापाशी, जातात, खांडीत उतरतात, चिखलाचे गोळे हातोहात देतात. त्यांना मजुरी द्यायची नाही, कारण तसा रकाना नाही. त्याऐवजी प्रत्येक घर उंबऱ्याबाहेर मूठभर मीठ आणि शिजवलेला भात ठेवतं आणि दार लावून घेतं. कोणी नेला ते पाहायचं नाही. वर्षभर ज्या मुलाला पंगतीत शेवटी बसवलं, त्याच्यासाठी ठेवलेला भात आईने दाराआड उभं राहून ऐकायचा: ताट उचलल्याचा आवाज झाला म्हणजे तो अजून जिवंत आहे.

एवढा एक विधी पुरे. रंग, नाच, पाच देव हवे असतील तर दुसऱ्या वर्षात घाला. पाणी मवाळ असलेल्या वर्षी माणसं नाचतात, ते योग्यच आहे. तिसऱ्या आणि सहाव्या वर्षी कोणी नाचणार नाही. विधी दरवर्षी तसाच राहत नाही, हे दाखवलंत की वाचक पुढच्या सुट्या दिवसांची तुमच्याआधी वाट पाहू लागेल.

एक सावधगिरी. 'काम बंद' लिहिलंत की लगेच स्वतःला विचारा, कोणाचं बंद? पहिल्यांदा मी असे निषिद्ध दिवस कथा रचत खेळायच्या एका खेळाच्या टेबलावर आणले तेव्हा गटातल्या एका मुलीने विचारलं, "ताई, मग गाईचं दूध कोण काढतं?" ती स्वतः गोठ्याच्या घरातली होती. त्या एका प्रश्नाने माझी कामाची पद्धत बदलली. गाय, तान्हं मूल, बाळंतीण, प्रेत आणि भरती यांना सुटे दिवस कळत नाहीत. दूध काढायचं पण मोजायचं नाही; सुईणीने यायचं पण तिचं नाव घ्यायचं नाही; प्रेत मिठात ठेवायचं आणि नव्या वर्षाच्या पहिल्या पहाटे न्यायचं. अशा तडजोडी हाच तुमचा खरा ऐवज आहे. एका घराच्या सकाळपासून रात्रीपर्यंतच्या तडजोडी लिहून काढा, प्रकरण आपोआप भरेल.

वाराचं उत्तर त्यामानाने सोपं आहे, पण हलक्यात घेऊ नका. विसाव्या शतकात जागतिक कालगणनेची एक योजना होती. वर्षाचा शेवटचा दिवस वाराविना ठेवायचा, म्हणजे दरवर्षी तीच तारीख त्याच वारी येईल. १९५० च्या दशकात भारताने ती संयुक्त राष्ट्रांत मांडली आणि १९५५ मध्ये अमेरिकेच्या विरोधानंतर ती मागे पडली. आक्षेप मुख्यतः धार्मिक होता: दर सातव्या दिवशी विश्रांती पाळणाऱ्याने मध्ये एक बिनवाराचा दिवस आला तर काय करायचं? त्याचा शब्बाथ दरवर्षी सरकत जाणार. एक दिवस बिनवाराचा ठेवण्यावरून एवढं झालं.

तुमच्या जगात वारांचं चक्र सहा दिवसांचं ठेवा. वैदिक सत्रांत सहा दिवसांचा 'षडह' असे आणि पाच षडहांचा महिना, तेव्हा ही कल्पना आपल्याला परकी नाही. देवळातले दिवसमोजे म्हणतील, सुट्यांना वार नाही. बाहेरून गलबतं घेऊन येणारे व्यापारी वार मोजतच राहतील. दरसाल दोघांचे वार पाच घरं सरकतील, आणि सहा वर्षांनी पुन्हा जुळतील. चंद्राचं चक्रही तुमच्याकडे सहाच वर्षांचं आहे. म्हणजे सहाव्या वर्षाच्या अखेरीस अमावस्येचं उधाण, उघड्या राशी आणि दोन वह्यांचा हिशेब मिटवायला बंदरात थांबलेली गलबतं, हे सगळं एकाच रात्री येतं. कादंबरीचा शेवट तुमच्या आकड्यांतच दडलेला होता.

नावांबद्दल. पाच दिवसांना पाच सुंदर संस्कृत नावं देऊ नका. जादा दिवसांना नेहमी निदान तीन नावं असतात: गणित करणाऱ्याचं, पुजाऱ्याचं आणि घरातलं. आपल्याकडे अधिक, पुरुषोत्तम आणि धोंडा. तीच गोष्ट, पण कोण कुठलं नाव घेतो त्यावरून तो माणूस कुठे उभा आहे ते कळतं. तुमचं 'सुटे' हे घरातलं नाव चांगलं आहे, ते राखा. दिवसमोज्यांच्या वहीत त्यांना 'शेष' म्हणा. देवळाने त्यांना एखादं मानाचं नाव दिलेलं असू दे, जे फक्त आरतीत ऐकू येतं. आणि खांडीत उतरणारे ते दहा जण आपसांत या दिवसांना काय म्हणतात ते कादंबरीत एकदाच येऊ द्या, सहाव्या वर्षी, बांध धरला गेल्यावर, त्यांच्यातल्या सगळ्यात धाकट्याच्या तोंडून: "आपले".